मुस्तफाची महिरप

स्नेहसंमेलनाच्या तयारीची पहिली बैठक मगरपट्ट्यातल्या एका हॉटेलात झाली. जेवण, फलक, सरांचे आणि बाईंचे सत्कार, स्मरणिका अशी कामं भराभर वाटली गेली. शेवटी कुणीतरी म्हणालं, "हॉलच्या एका कोपऱ्यात जुने व्हिडिओ गेम लावू या. मारिओ, काँट्रा, मुस्तफा. पोरं सोबत आणली तर त्यांनाही कळेल आपण काय खेळायचो." आणि सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. सॉफ्टवेअरमध्ये आहे म्हटल्यावर प्रिंटरपासून प्रोजेक्टरपर्यंत सगळं माझ्याकडेच येतं, त्याची मला सवय आहे. मी हो म्हटलं. शनिवारच्या दोन तासांचं काम असेल असं वाटलं होतं, त्याला तीन महिने लागले. त्या तीन महिन्यांत मला आपल्या हडपसरबद्दल एक गोष्ट समजली. ती या स्मरणिकेत यावी, म्हणून हा लेख.

सुरुवात काळ्या पट्ट्यांपासून झाली. आपल्या लहानपणीच्या टीव्हीचा पडदा जवळजवळ चौकोनी होता. रुंदी चार तर उंची तीन. आजचा टीव्ही रुंदीला सोळा आणि उंचीला नऊ. जुना गेम नव्या टीव्हीवर लावला की दोन पर्याय उरतात. चित्र ताणून पूर्ण पडदा भरायचा, म्हणजे मारिओ एक तृतीयांशाने रुंद होतो आणि जेवून उठल्यासारखा दिसतो. नाहीतर चित्र जसं आहे तसं मधोमध ठेवायचं, म्हणजे दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहतात. 1920 गुणिले 1080 ठिपक्यांच्या पडद्यावर पूर्ण उंचीचं जुनं चित्र 1440 ठिपके रुंद होतं. उरतात 480, म्हणजे डावीकडे 240 आणि उजवीकडे 240.

या रिकाम्या जागेत नक्षी भरायची एक पद्धत आहे. इंग्रजीत तिला बेझल किंवा ओव्हरले म्हणतात. मी महिरप म्हणते. गणपतीच्या मखराला आपण महिरप करतो ती मूर्ती झाकायला नाही, नजर मूर्तीवर आणायला करतो, तसंच हे. जगभरच्या हौशी लोकांनी हजारो गेमांसाठी अशा महिरपी करून ठेवल्या आहेत. त्यातली एखादी उतरवून घेतली असती तर काम संपलं असतं. पण मला त्या कुठल्याच आपल्या वाटेनात. एकीत अमेरिकेतली 1985 सालची बैठकीची खोली होती, लाकडी भिंती आणि जाड गालिचा. दुसरीत जपानी दुकानातले कंदील. आपण मुस्तफा खेळायचो ते गाडीतळाजवळच्या पत्र्याच्या शेडमध्ये, आणि शेजारी पिठाची गिरणी होती. म्हणून ठरवलं, महिरप आपली आपणच करायची.

आधी थोडा इतिहास, कारण ही हौस मला वाटली होती त्याहून फार जुनी निघाली.

घरी टीव्हीला जोडून खेळायचं पहिलं यंत्र, मॅग्नाव्हॉक्स कंपनीचं ओडिसी, अमेरिकेत 1972 साली विक्रीला आलं. राल्फ बेअर या इंजिनिअरच्या कल्पनेतून ते बनलं. त्या यंत्राला पडद्यावर दाखवता यायचे फक्त काही पांढरे ठिपके आणि एक उभी रेघ. आवाज नाही, गुण मोजणं नाही. मग टेनिस, स्की, भुताचा बंगला हे सगळं दाखवायचं कसं? तर खोक्यातच रंगीत पारदर्शक प्लॅस्टिकचे कागद यायचे. ते टीव्हीच्या काचेवर चिकटवायचे. मैदान कागदावर आणि चेंडू टीव्हीत. टीव्ही लहानमोठे असतात म्हणून कागदही दोन मापांत दिलेले असत. म्हणजे व्हिडिओ गेमच्या जन्माबरोबरच त्याची सजावटही जन्माला आली, आणि ती पडद्याच्या बाहेरून आली.

त्याच साली, 2 ऑक्टोबर 1972 ला, मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि पुढे सिंहगडावरच्या मनोऱ्यामुळे पुण्यात दिसू लागलं. आता आठवा, आपल्यापैकी किती जणांच्या घरी ब्लॅक अँड व्हाइट टीव्हीवर तो रंगीत प्लॅस्टिकचा कागद होता? वर निळा, खाली हिरवा. निसर्गाचं दृश्य असलं की टीव्ही रंगीत झाल्यासारखा वाटायचा आणि बातम्या लागल्या की बातम्या देणाऱ्या बाईंचं कपाळ निळं व्हायचं. आमच्याकडे तो कागद आजोबांनी आणला होता. अमेरिकेतला ओडिसीचा कागद आणि हडपसरमधला हा कागद एकमेकांना ओळखत नव्हते, पण दोघांचं काम एकच होतं: यंत्राला जे जमत नाही ते कागदाने भरून काढायचं.

पार्लरमधल्या मोठ्या यंत्रांतही तेच. 1976 सालच्या ब्रेकआउटमध्ये विटा रंगीत दिसायच्या, पण पडदा काळापांढराच होता; रंग वर लावलेल्या पट्ट्यांचा. 1978 साली जपानच्या तैतो कंपनीचा स्पेस इन्व्हेडर्स आला, तोमोहिरो निशिकादो यांनी बनवलेला. त्यालाही सुरुवातीला रंगीत सेलोफेनच्या पट्ट्या होत्या. त्याच्या उभ्या पेटीत तर आणखी गंमत होती. पडदा थेट समोर नसायचा. त्याचं प्रतिबिंब आरशासारख्या काचेत पडायचं आणि मागे चंद्राचं रंगवलेलं चित्र ठेवलेलं असायचं. खेळणाऱ्याला वाटायचं, परग्रहावरचे लोक चंद्रावरून उतरताहेत. 1982 च्या व्हेक्ट्रेक्स या यंत्राबरोबर प्रत्येक गेमला वेगळा रंगीत कागद मिळायचा. आणि 1994 साली निन्टेन्डोने सुपर गेम बॉय आणला. हातातल्या गेम बॉयचा छोटा गेम त्यावरून टीव्हीवर दिसायचा. गेमचं चित्र 160 गुणिले 144 ठिपक्यांचं, टीव्हीचं 256 गुणिले 224. मग दोन्ही बाजूंना 48 आणि वरखाली 40 ठिपके उरत, आणि तिथे नक्षी असायची. माझ्यासमोर आज जो प्रश्न होता तोच. फरक इतकाच की तिथे ती नक्षी करणारा माणूस पगारी होता.

बेझल हा शब्दही पार्लरमधलाच. पेटीतल्या पडद्याभोवती जो पुठ्ठा किंवा पत्रा असतो, ज्याने आतल्या तारा झाकल्या जातात, तो बेझल. त्यावर कंपनी चित्रं आणि खेळण्याच्या सूचना छापायची.

आता आपल्याकडे येऊ. जपानमध्ये निन्टेन्डोचं फॅमिकॉम 1983 साली आलं. आपल्यापर्यंत ते नव्वदच्या दशकात पोचलं आणि बहुतेक वेळा त्याच्या नकलांच्या रूपात. सामुराई, मीडिया, लिटल मास्टर अशी नावं आपल्याला आठवतात. गेमच्या चिपला आपण 'कॅसेट' म्हणायचो. कॅसेटवर लिहिलेलं असायचं 'नऊ लाख नव्व्याण्णव हजार गेम', आणि आत पाचसहा गेम पुन्हापुन्हा. कॅसेट चालली नाही की काढून फुंकर मारायची. टीव्हीच्या मागे अँटेनाची वायर काढून गेमची घालायची आणि मुंग्या जाईपर्यंत चॅनेलचं बटण फिरवायचं. 'टँक' म्हणजे नामकोचा 1985 सालचा बॅटल सिटी, हे मला आत्ता कळलं. तेव्हा त्याचं नाव टँकच होतं.

हे घरचं झालं. पण यंत्र ज्यांच्या घरी होतं ती घरं किती होती? आपल्या वर्गातल्या बऱ्याच जणांचे वडील किर्लोस्कर न्यूमॅटिक, भारत फोर्ज किंवा इंडस्ट्रियल इस्टेटमधल्या लहान कारखान्यांत पाळीवर जायचे. काही जणांची मगरपट्ट्यात किंवा साडेसतरा नळीकडे शेती होती. गेमसाठी पैसे मागायची हिंमत कुणाची होती? म्हणून मुलं पार्लरला जायची. एक टोकन, एक रुपया.

तिथला राजा मुस्तफा. गेमचं खरं नाव कॅडिलॅक्स अँड डायनासोर्स, कॅपकॉम कंपनीचा, 1993 सालचा, मार्क शुल्ट्झ यांच्या कॉमिकवर बेतलेला. त्यात खेळायला चार जण: जॅक, हॅना, मुस्तफा आणि मेस. पिवळी टोपी घालून धावत येऊन लाथ मारणारा मुस्तफा भारतातल्या पोरांना इतका आवडला की अख्ख्या गेमलाच त्याचं नाव पडलं. कंपनीने ठेवलेलं नाव अजूनही कित्येकांना माहीत नाही.

मला स्वतःला त्यातलं काहीच माहीत नव्हतं, हे इथे कबूल करते. आम्ही मुली त्या शेडच्या आत कधीच गेलो नाही. जायची बंदी कुणी घातली नव्हती. न जाणं गृहीतच होतं. शाळा सुटल्यावर आम्ही तिथून जाताना पावलं थोडी जोरात टाकायचो. दारावर पडदा होता. आतून घंट्या, ठोसे आणि मुलांचा आरडाओरडा ऐकू यायचा. सत्तावीस वर्षांनी मला त्या पडद्यामागची महिरप करायची होती आणि माझ्याकडे आठवण होती ती फक्त पडद्याची.

म्हणून पहिल्यांदा तांत्रिक काम उरकून घेतलं. ज्यांना यात रस नसेल त्यांनी दोन परिच्छेद सोडून पुढे जावं. पण आपल्यातले दोघेतिघे घरी करून बघणार आहेत, त्यांच्यासाठी लिहिते.

जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमला एम्युलेटर म्हणतात. पार्लरच्या यंत्रांसाठीचा सर्वांत नावाजलेला एम्युलेटर म्हणजे मॅम. इटलीतल्या निकोला साल्मोरिया यांनी त्याची पहिली आवृत्ती 5 फेब्रुवारी 1997 ला प्रसिद्ध केली. आपण तेव्हा दहावीच्या परीक्षेला महिना राहिला म्हणून 21 अपेक्षित घोकत होतो! मी वापरला तो रेट्रोआर्क, ज्यात अनेक एम्युलेटर एकाच छताखाली चालतात. त्यात महिरप म्हणजे दोन फायली: एक पीएनजी चित्र, ज्याच्या मधोमध पारदर्शक भोक असतं, आणि एक चारपाच ओळींची साधी मजकुराची फाइल, जी सांगते की हे चित्र पूर्ण पडद्यावर पसरव. चित्र गेमच्या वर बसतं आणि गेम भोकातून दिसतो. ही सोय मुळात मोबाइलच्या पडद्यावर बटणं दाखवायला केलेली होती. म्हणूनच चित्र सुरुवातीला अर्धवट पारदर्शक दिसतं; त्याची ओपॅसिटी वाढवून 1 करावी लागते. मी पहिलं चित्र घाईत जेपीजी करून ठेवलं. जेपीजीला पारदर्शकता कळत नाही. त्यामुळे संपूर्ण पडद्यावर माझी नक्षी आणि मागून नुसते ठोसे ऐकू येताहेत. म्हणजे मी पुन्हा पडद्याबाहेरच!

दुसरा धडा मापाचा. मुस्तफाचं मूळ चित्र 384 गुणिले 224 ठिपक्यांचं आहे, पण ते चारास तीनच्या पडद्यावर दाबून दाखवलं जायचं; त्यामुळे ठिपके चौरस नव्हते, उभट होते. ते पूर्ण 1080 उंचीला ताणलं तर 224 रेघांना भाग नीट जात नाही. काही रेघा जाड, काही बारीक दिसतात. म्हणून मी बरोबर चौपट केलं. 224 चोक 896. रुंदी आली 1195. आता दोन्ही बाजूंना साधारण 362 आणि वरखाली 92 ठिपके मोकळे. 43 इंची टीव्हीवर बाजूची पट्टी 12 ऐवजी 18 सेंटीमीटर झाली आणि वरखालीही जागा मिळाली. मारिओ, टँक, काँट्राचं चित्र 240 रेघांचं. तेही चौपट, म्हणजे 960. शेवटची अडचण टीव्हीची होती. बरेच टीव्ही आपणहून कडेचा थोडा भाग कापतात आणि माझी वरची ओळ गायब झाली. टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन चित्र न कापता पूर्ण दाखवायला सांगितलं, तेव्हा ती दिसली. एक गोष्ट सांगून ठेवते: एम्युलेटर कायदेशीर आहे, पण या गेमांचा कॉपीराइट अजून संपलेला नाही. तेव्हा पेनड्राइव्ह घेऊन येऊ नका, मी काही भरून देणार नाही. आपल्या लहानपणीच्या कॅसेटी नकली होत्या हे खरं, पण तेव्हा आपण दहा वर्षांचे होतो.

इतकं झाल्यावर महिरपीत भरायचं काय, हा मूळ प्रश्न उरला. मी ग्रुपवर विचारलं, पार्लरचा फोटो कुणाकडे आहे का? एकाकडेही नव्हता. ते साहजिकच होतं. तेव्हा 36 फोटोंचा रोल लग्नाला किंवा बारशाला आणायचे. पालखी हडपसरहून पुढे जाते त्या दिवसाचे फोटो चारपाच जणांकडे निघाले, वैभव टॉकीजसमोरचा एक निघाला, पण पार्लरचा कोण काढणार? मग आठवणी मागवल्या. शंभरेक संदेश आले. पडदा निळा होता. नाही, हिरवा होता. यंत्रं तीन होती, नाही, पाच. भिंतीवर अमिताभ होता. नाही, संजय दत्त. पडद्याभोवतीच्या पुठ्ठ्यावर काय होतं म्हणून विचारलं, तर सगळे गप्प. ज्या चौकटीतून त्यांनी शेकडो तास बघितलं ती चौकट कुणालाच आठवत नव्हती.

आपले चित्रकलेचे सर आठवले. एलिमेंटरी परीक्षेची तयारी करून घेताना ते म्हणायचे, स्मरणचित्रात माणसं सगळेच काढतात, पण माणसांच्या मागे काय आहे ते आठवा. मी घरी बसून दोन नमुने केले. एकात पत्र्याची शेड, गाडीतळ, पीएमटीची लाल बस. दिसायला छान झालं होतं. पण ते पर्यटन खात्याच्या भित्तिपत्रकासारखं वाटत होतं, आणि त्यात मी कधी न पाहिलेल्या जागेबद्दलची खात्री होती. ती खटकत राहिली.

अशात रात्री साडेदहाला मला फोन आला. आपल्याच वर्गातली. ती ग्रुपवर आहे, पण कधी काही लिहीत नाही, आणि आपल्या आधीच्या दोन्ही भेटींना आली नव्हती. तिने विचारलं, "तू पार्लरचं काय शोधतेयस?" मी सांगितलं. ती थोडा वेळ थांबली. मग म्हणाली, "ते आमचं होतं."

मला माहीत नव्हतं. मी आठही वर्षं तिच्यापासून दोन बाकांवर बसत होते. तुमच्यापैकीही फार थोड्यांना माहीत असेल, कारण गल्ल्यावर काका बसायचे आणि ते तिचे वडील आहेत हे तिने शाळेत कधी कुणाला कळू दिलं नाही. आठवीत असताना एकदा प्रार्थनेनंतर आपल्याला सांगण्यात आलं होतं, गाडीतळाजवळच्या 'त्या' दुकानात जाणारी मुलं वाया जातात आणि दुकानदार दोन पैशांसाठी मुलांचं वाटोळं करतो. ती तेव्हा रांगेत उभी होती. त्या दिवसापासून ती शाळेतून घरी लांबच्या रस्त्याने जायला लागली.

तिने सांगितलं ते आता तिच्या परवानगीने लिहिते. तिचे वडील एका कारखान्यात इलेक्ट्रिशियन होते. कारखाना बंद पडला. हाती आलेल्या पैशांतून त्यांनी मुंबईहून दोन जुन्या पेट्या आणल्या. पेटी एका गेमची, आतलं सर्किट दुसऱ्याच. असं का चालायचं, त्याला तांत्रिक कारण आहे. ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर जपानी कंपन्यांनी जामा नावाची जोडणीची एक समान पद्धत ठरवली. त्यामुळे एका पेटीतलं सर्किट काढून दुसरं बसवता यायचं. गेम बदलायचा, पेटी तीच राहायची. त्यामुळे कंपनीने छापलेला मूळ बेझल निरुपयोगी व्हायचा. तो काढून तिच्या वडिलांनी काळा पुठ्ठा कापून बसवला होता. त्यावर पांढऱ्या रंगाने अक्षरं काढली होती तिने, बारा वर्षांची असताना. आपल्या वर्गात तिचं अक्षर सर्वांत चांगलं होतं, फळ्यावरचा सुविचार तीच लिहायची, हे तुम्हाला आठवत असेल.

मी विचारलं, काय लिहिलं होतं? तिला चारही ओळी पाठ होत्या.

वरच्या बाजूला: एक टोकन – एक रुपया. डाव्या बाजूला: बटण हळू दाबा. उजव्या बाजूला: दोघांनी भांडू नये. आणि खाली, सगळ्यांत मोठ्या अक्षरात: शाळेच्या गणवेशात प्रवेश नाही.

मी ती चौथी ओळ ग्रुपवर टाकली. पाच मिनिटं शांतता. मग एकाने लिहिलं, "अरे हो! म्हणून तर आपण शर्ट दप्तरात कोंबून बनियनवर जायचो." दुसऱ्याने लिहिलं, "काका आमची दप्तरं गल्ल्यामागे ठेवून घ्यायचे आणि सहा वाजले की यंत्र बंद करून घरी हाकलायचे." तिसऱ्याने, "एकदा मी परीक्षेच्या दिवशी गेलो, तर टोकन दिलं नाही." एकाच ओळीने सगळ्यांच्या आठवणी मोकळ्या झाल्या. ज्यांना चौकट आठवत नव्हती त्यांना ती वाचली होती हे आठवलं.

प्रार्थनेनंतर जे बोललं गेलं त्याचा दोष मी आज कुणाला देत नाही. मुलं तास बुडवून जायची हे खरं होतं, घरून पैसे चोरायची हेही खरं, आणि चाळीस पन्नास मुलांच्या वर्गाची काळजी वाहणाऱ्या माणसाला धास्ती वाटणारच. पण दुकानदाराने पडद्याखाली काय लिहिलं होतं ते बघायला आपल्यातलं कुणी आत गेलं नव्हतं. शिक्षक गेले नाहीत, पालक गेले नाहीत, आम्ही मुलीही नाही. जी मुलं आत होती ती मुस्तफाकडे बघत होती.

पार्लर 1999 च्या सुमारास बंद झालं. सायबर कॅफे आले, घरोघरी कॉम्प्युटर आले, उसाच्या शेतांच्या जागी मगरपट्टा सिटी उभी राहू लागली आणि आपल्यातले काही जण पुढे तिथेच नोकरीला लागले; मीही त्यातलीच. काका काही वर्षांपूर्वी गेले. पेट्या भंगारात गेल्या. तो पुठ्ठाही त्यांच्याबरोबर गेला.

मी तिला विचारलं, ती अक्षरं पुन्हा काढून देशील? ती हसली, म्हणाली, हात बसलाय का बघते. आठ दिवसांनी तिने काळ्या कार्डशीटवर पांढऱ्या पोस्टर कलरने चारही ओळी लिहून फोटो पाठवला. 'गणवेशात'मधल्या 'ण'ला तीच जुनी वळणदार गाठ. मी तो फोटो सरळ केला, काळा रंग सगळीकडे सारखा केला आणि मधलं भोक 1195 गुणिले 896 चं कापलं. त्यावर दुसरं काहीही केलं नाही. बस नाही, शेड नाही, सिनेमाचे नट नाहीत. तयार मिळणाऱ्या महिरपींत काचेवरचं प्रतिबिंब, वळलेल्या कडा, धूळ असं सगळं दाखवता येतं. ते मी आधी फार मेहनतीने शिकले होते. ते सगळं काढून टाकलं.

आणखी एक तिने जाता जाता सांगितलं. रात्री दुकान बंद झाल्यावर वडील शटर अर्धं ओढून घ्यायचे आणि तिला एक टोकन द्यायचे. ती हॅना घ्यायची. एका टोकनात ती शेवटच्या टप्प्यापर्यंत पोचायची. आपल्या वर्गातला मुस्तफाचा सर्वांत चांगला खेळाडू कोण, यावर ग्रुपमध्ये दोन दिवस भांडण चाललं होतं. त्यात तिचं नाव कुणी घेतलं नव्हतं.

संमेलनाच्या दिवशी हॉलच्या उजव्या कोपऱ्यात, पाण्याच्या पिंपापलीकडे, दोन टीव्ही असतील. एकावर मारिओ, टँक आणि काँट्रा. त्याच्या महिरपीत तुमच्याकडून आलेल्या पालखीच्या आणि वैभव टॉकीजच्या फोटोंचे तुकडे आहेत. दुसऱ्यावर मुस्तफा. एक सूचना: आपल्याकडचे जुने टीव्ही सेकंदाला 50 चित्रं दाखवायचे, जपानी 60. मी गेम मूळ वेगाने ठेवले आहेत, त्यामुळे घरी खेळलेला मारिओ काहींना आधीपेक्षा जोरात पळतोय असं वाटेल. वय झालं असं समजू नका.

पहिला तास मुलींचा. मुलगे मागे रांगेत उभे राहतील. त्यांना सवय नाही, पण जमेल.

आणि ज्या सरांनी तेव्हा प्रार्थनेनंतर ते सांगितलं होतं त्यांना एक विनंती. सर, तुम्ही येणार आहात असं कळलं, फार आनंद झाला. सत्कार झाल्यावर दोन मिनिटं त्या कोपऱ्यात यावं. खेळू नका हवं तर. पडद्याच्या खालची ओळ तेवढी वाचावी. ती लिहिणारी विद्यार्थिनी बहुधा तिथेच असेल. येईन असं तिने पक्कं सांगितलेलं नाही. बघते म्हणाली आहे. मी तिच्यासाठी एक खुर्ची आणि हॅना ठेवली आहे.